पापणी लवते तिथे कात्री

दारव्हा तालुक्यातल्या आमच्या गावात एक म्हातारे ऑपरेटर राहतात. उमेदीची सगळी वर्षं त्यांनी जत्रांतल्या तंबूत सिनेमा दाखवण्यात घातली. त्यांच्या पत्र्याच्या पेटीत फिल्मचे तुकडे अजून जपून ठेवलेले आहेत. मागच्या उन्हाळ्यात त्यांनी त्यातला एक माझ्यासमोर जोडला. टोकावरचा थर ब्लेडनं खरवडला, फिल्म चिकटवायच्या 'सिमेंट' नावाच्या द्रवाचा ब्रश फिरवला, दुसरं टोक भोकाला भोक जुळवून बसवलं आणि अंगठ्यानं दाबून धरलं.

"चार भोकाची एक फ्रेम, भाऊ. रीळ तुटली का दोन-चार फ्रेमा जायेच. धावत्या बैलात गेल्या तं कोणाले समजे नाही. बोलत्या माणसात गेल्या का पब्लिक शिट्ट्या मारे."

शिट्ट्यांचं कारण यंत्रात आहे. एका सेकंदाला २४ फ्रेमा सरकतात. आवाज त्याच पट्टीच्या कडेला छापलेला असतो, पण तो वाचणारा भाग चित्राच्या खिडकीच्या पुढे असतो. जोड खिडकीतून गेला की चित्र उडतं, आणि सुमारे वीस फ्रेमांनंतर शब्द तुटतो. एकच जखम दोनदा दुखते.

धावत्या बैलात जोड खपून जातो, त्याचं कारण मात्र आपल्या डोळ्यांत आहे, आणि मला ते जास्त मोलाचं वाटतं. आपण जग सलग पाहतो असं वाटतं, पण नजर सेकंदाला साधारण तीनदा उडी मारते आणि त्या उडीपुरतं मेंदू दिसणं दाबून टाकतो. शंकरपटात, म्हणजे बैलांच्या शर्यतीत, जोडी सुटली की नजर तिच्यामागे धावते, मधलं धुरकट दृश्य कोणाला आठवत नाही. वर मिनिटाला पंधरा-वीस वेळा पापणी लवते, ती वेगळी. शेजारी बसलेल्याकडे पाहा, मग झटकन मान वळवून धुऱ्यावरच्या कडुनिंबाकडे पाहा. वळताना बहुधा पापणी लवलेली असेल. मधल्या वावरात पाहण्यासारखं काही नव्हतं, म्हणून डोळ्यानं ते कापून टाकलं.

वॉल्टर मर्च या अमेरिकन संकलकानं, म्हणजे सिनेमाचे तुकडे कापून जोडणाऱ्यानं, याच धाग्यावर आयुष्यभर विचार केला. १९४३चा जन्म. 'द कॉन्व्हर्सेशन' (१९७४) हा सिनेमा कापताना त्यांच्या लक्षात आलं, की आपण जिथे कट द्यायचं, म्हणजे एक तुकडा संपवून दुसरा जोडायचं, ठरवतो तिथेच जवळपास नट जीन हॅकमन यांची पापणी लवते. मर्च यांनी त्यातून अर्थ काढला: पापणी फक्त डोळा ओला ठेवायला लवत नाही, एक विचार संपून दुसरा सुरू होतो तिथे ती लवते. मर्च ज्याच्या संकलकांपैकी एक होते त्या 'अपोकॅलिप्स नाऊ'साठी साडेबारा लाख फूट फिल्म चित्रित झाली होती, २३० तासांहून जास्त. त्यातून अडीच तासांच्या आतला सिनेमा काढायचा होता. दर संकलकामागे दिवसाला सरासरी दीड कटही पडला नाही. बाकीचा वेळ पाहण्यात, जोडून पुन्हा सोडवण्यात गेला. पुढे 'द इंग्लिश पेशंट' त्यांनी संगणकावर कापला आणि संकलन व ध्वनी या दोन्हींसाठी ऑस्कर मिळवला. ते काम उभ्यानं करतात. आमचे ऑपरेटरही उभेच असत, पण ते जागेअभावी.

मर्च यांचं निरीक्षण होतं, प्रयोग नव्हता. २००९ साली जपानी संशोधकांनी प्रयोग केला. गोष्ट असलेली चित्रफीत पाहताना वेगवेगळ्या माणसांच्या पापण्या बऱ्याचदा एकाच वेळी लवल्या: एखादी क्रिया संपली तिथे, मुख्य पात्र पडद्यावर नसताना. नुसतं निसर्गदृश्य दाखवलं तेव्हा हा मेळ राहिला नाही. म्हणजे तंबूतल्या चटईवर बसलेली अनोळखी माणसं गोष्टीत गुंतली, की त्यांच्या पापण्यांनाही एक ताल धरता येतो. संकलक कात्री चालवतो ती त्या तालावर.

मग ज्यांनी सिनेमा कधीच पाहिला नाही, त्यांना कट कळतो का? २०१० साली तुर्कस्तानातल्या डोंगराळ गावांत हे तपासलं गेलं. पहिल्यांदाच पडदा पाहणाऱ्या प्रौढांना काही कट उमगले नाहीत. पण ओळखीचं काम टप्प्याटप्प्यानं घडत असलं, तर तुकड्यांची संगती त्यांना लागली.

हे मी ऑपरेटरांना सांगितलं. ते जोड ताणून पाहत होते. म्हणाले, "बाई चुलीत फुंकर घालते, मंग चहा उकळते. मधात काय झालं ते आमच्या तांड्यावरच्या म्हाताऱ्याले कोण सांगाव लागे?"

जोड पक्का बसला होता. त्यांनी पट्टी गुंडाळून पेटीत ठेवली.