काळमागाच्या गोष्टीची कॉपीराइट नोंदणी : कोणाला करता येते, काय लागतं

समजा, तुमच्या गोष्टीत पैठणला गोदाकाठी दोन जादूचे माग आहेत. एकावर कालचा दिवस विणला जातो, दुसऱ्यावर उद्याचा. नायिका पहिल्याचा ताणा दुसऱ्यावर चढवते आणि एकच धोटा दोन्हींतून फिरवते. मधली गाठ सुटली तर आजचा दिवस सगळ्या गावातून नाहीसा होणार. असं काही सुचलं की लिहिणारा पहिलं हेच विचारतो, की ही युक्ती माझ्या नावावर कशी करू?

युक्ती नावावर होत नाही. पेटंट कायदा, १९७० चं कलम ३ निसर्गाच्या प्रस्थापित नियमांच्या उघड विरुद्ध जाणाऱ्या गोष्टीला आविष्कार मानतच नाही. कॉपीराइटही कल्पनेला नसतो, ती ज्या शब्दांत मांडली त्या शब्दांना असतो. सर्वोच्च न्यायालयाने १९७८ साली आर. जी. आनंद खटल्यात हेच सांगितलं. म्हणजे नांदेडच्या एखाद्याने माग जोडण्याची आपली वेगळी गोष्ट लिहिली तर तुम्हाला अडवता येणार नाही. तुमचे प्रसंग, तुमचे संवाद उचलले तर मात्र येईल. म्हणून माझं कळकळीचं सांगणं आहे की आधी गोष्ट पुरी लिहून काढा. चहाच्या टपरीवर रंगवून सांगितलेल्या कल्पनेच्या मागे कायदा उभा राहत नाही.

लिहिल्या क्षणापासून कॉपीराइट तुमचाच असतो, नोंदणी सक्तीची नाही. तरी ती करावी, कारण नोंदवहीतली नोंद न्यायालयात प्रथमदर्शनी पुरावा ठरते. आणि दाव्यासाठी मुंबई-दिल्ली गाठावी लागेलच असं नाही. कॉपीराइट कायद्याच्या कलम ६२ प्रमाणे लेखक जिथे राहतो तिथल्या जिल्हा न्यायालयात दाद मागता येते. बीड-लातूरच्या लेखकासाठी ही केवढी मोठी सोय आहे! स्वतःलाच टपालाने पाकीट पाठवून ते बंद ठेवायचा उपाय अजून सांगितला जातो. त्याने नोंदणीचं काम होत नाही.

अर्ज लेखक करू शकतो, किंवा ज्याच्याकडे हक्क आलेत तो. दोघांनी मिळून लिहिलं असेल तर दुसऱ्याचं ना-हरकत पत्र घ्या, भाऊ असला तरी. गोष्ट छापून आली असेल आणि प्रकाशक वेगळा असेल तर त्याचंही. अप्रकाशित हस्तलिखितही चालतं.

अर्ज कॉपीराइट कार्यालयाच्या सरकारी संकेतस्थळावर भरायचा, फॉर्म चौदा. सोबत तपशिलाचं विवरण आणि पुढील तपशिलाचं विवरण, अशी दोन विवरणपत्रं येतात. कृतीची प्रत, सही, ओळखीचा पुरावा तयार ठेवा; वकिलामार्फत भरत असाल तर वकीलपत्र. साहित्यकृतीची फी ५०० रुपये आहे, पण कृती माल किंवा सेवेसाठी वापरली जाणार असेल तर २,००० रुपये. मागांचं चित्र काढलं असेल तर ती वेगळी कलाकृती धरतात. तिचा अर्ज आणि फी वेगळी.

इथे एक काळजी घ्या. फॉर्म नेट कॅफेत भरून घेतलात तरी ईमेल आणि मोबाइल नंबर स्वतःचाच द्या, लॉगिन स्वतःकडे ठेवा. पैसे भरल्यावर डायरी नंबर, म्हणजे तुमच्या अर्जाचा क्रमांक, मिळतो. त्यानंतर ३० दिवस कोणाची हरकत येते का हे पाहिलं जातं, मग तपासणी होते. त्रुटी निघाली तर पत्र येतं आणि उत्तराला ३० दिवस असतात. ते पत्र कॅफेवाल्याच्या ईमेलमध्ये पडून राहिलं तर मुदत निघून जाते आणि तुम्हाला पत्ताही लागत नाही.

या काळात कोणी मासिकवाला किंवा ऑडिओ वाहिनीवाला हक्क मागत आला तर तोंडी हो म्हणू नका. हक्क हस्तांतर लेखीच लागतं. करारात मुदत लिहिली नसेल तर ती ५ वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. कॉपीराइट मात्र लेखकाच्या हयातीत आणि पुढे ६० वर्षं राहतो, तेव्हा ही सही वारसांच्याही वाट्याला येते.

नोंदणी अप्रकाशित म्हणून झाली आणि पुढे पुस्तक निघालं, तर फॉर्म पंधरा भरून नोंद दुरुस्त करून घ्यायची.