सहा दिवसांत पाच सामने: सवॉनीच्या १८९९च्या हंगामामागचा हिशेब

अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या कॉलेज फुटबॉलवर (चेंडू हातात घेऊन खेळतात तो अमेरिकन फुटबॉल) आज साउथईस्टर्न कॉन्फरन्सचं, म्हणजे आपसांत सामने खेळणाऱ्या विद्यापीठांच्या एका गटाचं, राज्य आहे. टेक्सस, टेक्सस ए अँड एम, एलएसयू (लुइझियाना स्टेट युनिव्हर्सिटी), ओल मिस (मिसिसिपी विद्यापीठ), जॉर्जिया, टेनेसी, ऑबर्न ही त्यातली बडी नावं. या सातही संघांना १८९९च्या एकाच हंगामात टेनेसीतल्या डोंगरावरच्या एका छोट्या कॉलेजने हरवलं होतं. कॉलेजचं अधिकृत नाव युनिव्हर्सिटी ऑफ द साउथ, पण गावाच्या नावावरून सगळे त्याला सवॉनीच म्हणतात. त्या हंगामात १२ सामने झाले आणि बाराही सवॉनीने जिंकले. स्वतः ३२२ गुण केले आणि समोरच्यांना सगळे मिळून १० दिले.

ही गोष्ट नेहमी पोलादी छातीच्या पोरांची म्हणून सांगितली जाते. पोरं दणकट होतीच, पण या पराक्रमाची सुरुवात पैशांवरून झाली.

एपिस्कोपल चर्चने १८५७ साली कम्बरलँड पठारावर हजारो एकर जंगलात हे विद्यापीठ स्थापन केलं. डोंगरावरच्या कडक थंडीमुळे मोठी सुट्टी हिवाळ्यात असे आणि वर्ग उन्हाळ्यात भरत. बाकीच्या कॉलेजांची पोरं सुट्टीत घरी असताना सवॉनीची मात्र मैदानावर असत. फुटबॉल इथे १८९१मध्ये आला. टेक्ससचा संघ १८९३चा, एलएसयूचाही १८९३चा, ए अँड एमचा १८९४चा. म्हणजे या खेळात सवॉनी त्यांच्यापेक्षा जुनं होतं. चिमुकल्याने बलाढ्यांना लोळवलं हे चित्र आजच्या नजरेचं आहे. त्या वेळी ते बलाढ्य झालेलेच नव्हते.

त्या वर्षी संघाचा व्यवस्थापक होता ल्यूक ली नावाचा वीस वर्षांचा विद्यार्थी. सामने ठरवायचे, रेल्वेची व्यवस्था करायची, तिकिटांच्या पैशातला वाटा ठरवून घ्यायचा, ही सगळी कामं त्याची. सवॉनीचा हक्काचा गल्ला जमायचा नॅशव्हिलच्या व्हँडरबिल्टविरुद्धच्या सामन्याला. त्या वर्षी नेमकं त्या वाटणीवरूनच बिनसलं आणि सामना झालाच नाही. ती खोट भरून काढायला लीने लांब पल्ल्याचा दौरा आखला. प्रवासखर्च परवडायचा तर एकाच फेरीत जमतील तेवढे सामने उरकायला हवे होते.

संघ ७ नोव्हेंबरला निघाला. ९ तारखेला ऑस्टिनमध्ये टेक्ससवर १२-० असा विजय. १०ला ह्यूस्टनमध्ये ए अँड एमवर १०-०. ११ला न्यू ऑर्लिन्समध्ये टुलेनवर २३-०. १२ला रविवार, चर्चचं कॉलेज, त्यामुळे खेळ बंद. १३ला बॅटन रूजमध्ये एलएसयूवर ३४-० आणि १४ला मेम्फिसमध्ये ओल मिसवर १२-०. सगळा प्रवास मिळून सुमारे २,५०० मैल. बायबलमध्ये देव सहा दिवसांत जग घडवून सातव्या दिवशी विसावतो, त्याच धर्तीवर ‘आणि सातव्या दिवशी त्यांनी विश्रांती घेतली’ असं सवॉनीचे लोक आजही कौतुकाने म्हणतात. वाक्य झकास आहे. प्रत्यक्षात विश्रांती चौथ्या दिवशीच झाली होती, पण तसं म्हटलं तर मजा येत नाही.

सोबत सवॉनीच्या झऱ्याचं पाणी पिंपांत भरून नेलं होतं. परगावच्या पाण्याने पोटं बिघडली तर उद्याच्या सामन्याला उभं कोण राहणार? आणखी एक किस्सा आवर्जून सांगतात. पाणी नेलं, पण खेळायचे बूट मागेच राहिले. गाडी सुटल्यावर हे कळलं आणि तार करून ते मागाहून मागवावे लागले.

तेव्हाचा खेळ आजच्यासारखा नव्हता. पुढे चेंडू फेकायला परवानगीच नव्हती. ती आली १९०६मध्ये, मैदानावरच्या मृत्यूंवरून देशभर गदारोळ झाल्यानंतर. तीन प्रयत्नांत पाच यार्ड पुढे सरकायचं, नाहीतर चेंडू समोरच्यांना द्यायचा. त्यामुळे खेळ म्हणजे अकरा जणांनी अकरा जणांना रेटायचं. डोक्याला मार लागू नये म्हणून खेळाडू केस वाढवत, कुणी नाकावर रबरी कवच बांधे. ३५ मिनिटांचे दोन भाग असत, आणि एकदा बाहेर गेलेल्याला परत येता येत नसे. म्हणून दुखापत झाली तरी माणूस बाहेर पडायला तयार नसायचा. टेक्ससविरुद्ध कर्णधार हेन्री सीबल्सच्या डोक्याला खोक पडली, तरी तो खेळत राहिला. प्रशिक्षक बिली सूटर प्रिन्स्टनचा. या खेळातलं शहाणपण तेव्हा पूर्वेकडच्या कॉलेजांत होतं आणि दक्षिणेची कॉलेजं ते तिथून आणत.

सवॉनीवर गुण चढवले ते फक्त ऑबर्नने. ३० नोव्हेंबरला थँक्सगिव्हिंगच्या दिवशी सवॉनी ११-१० असं कसंबसं सुटलं. ऑबर्नचा प्रशिक्षक होता जॉन हाइझमन, ज्याच्या नावाची ट्रॉफी आज सर्वोत्तम कॉलेज खेळाडूला देतात. पंचांच्या निर्णयांवर त्याने पुढे वर्तमानपत्रातून आगपाखड केली. दोनच दिवसांनी अटलांटात नॉर्थ कॅरोलिनावर ५-० असा विजय मिळाला आणि हंगाम संपला.

ल्यूक लीचं पुढचं आयुष्य म्हणजे वेगळंच प्रकरण. त्याने नॅशव्हिलमध्ये ‘टेनेसियन’ हे दैनिक काढलं, मग तो अमेरिकेच्या सिनेटवर गेला. पहिल्या महायुद्धानंतर, जानेवारी १९१९मध्ये, काही सहकाऱ्यांसह तो हॉलंडमध्ये शिरला, पदच्युत जर्मन कैसरला उचलून आणायला! तो बेत फसला. शेवटी बँकेच्या गैरव्यवहारात तुरुंगवास झाला, नंतर माफीही मिळाली.

पैशाचं गणित पुढे सवॉनीवर उलटलं. राज्य सरकारांची विद्यापीठं वाढत गेली, हजारो प्रेक्षक बसतील अशी स्टेडियम उभी राहिली, खेळाडूंना शिष्यवृत्ती देऊन आणण्याची चढाओढ लागली. १९३२मध्ये साउथईस्टर्न कॉन्फरन्स स्थापन झाली तेव्हा जुन्या पुण्याईवर सवॉनी संस्थापक सदस्य झालं. त्या कॉन्फरन्समध्ये ते ३७ सामने खेळलं आणि सदतीसही हरलं. अलेक्झांडर गेरी हे कुलगुरू म्हणून आल्यावर त्यांनी खेळाडू पैसे देऊन आणण्याचा हा खेळ आपल्याला नको असं ठरवलं आणि १९४०मध्ये सवॉनी बाहेर पडलं. या निर्णयाला कुणी शहाणपण म्हणतात, कुणी माघार. मला तो सरळ हिशेब वाटतो: तेवढ्या विद्यार्थ्यांत आणि तेवढ्या पैशात दुसरं काही होणं शक्यच नव्हतं.

१९७३मध्ये एनसीएएने, म्हणजे अमेरिकेतल्या कॉलेज खेळांच्या नियामक संस्थेने, कॉलेजांच्या तीन श्रेणी केल्या. सवॉनी आज तिसऱ्या श्रेणीत आहे आणि या श्रेणीत खेळासाठी शिष्यवृत्ती देता येत नाही. वरच्या श्रेणीत २०२५पासून विद्यापीठं खेळाडूंना थेट पैसे देऊ लागली आहेत. सवॉनीत मात्र खेळाडू वर्गात बसतो, फी भरतो आणि शनिवारी १८९१पासून वापरात असलेल्या त्याच मैदानावर उतरतो. प्रशिक्षक शर्ली मेजर्सच्या काळात, १९५८ आणि १९६३मध्ये, संघ पुन्हा अपराजित राहिला. दोन्ही वेळा आठपैकी आठ, आणि समोर होती आपल्याच तोलाची कॉलेजं.