पट्ट्यातल्या रिकाम्या गल्ल्या

फेब्रुवारी २०२५मध्ये ‘२०२४ वायआर४’ हा लघुग्रह २०३२ साली पृथ्वीवर आदळण्याची शक्यता ३ टक्क्यांवर गेली आणि आमच्या सोलापुरातले व्हॉट्सॲप ग्रुप प्रलयाच्या तयारीला लागले. थोड्याच दिवसांत नव्या निरीक्षणांनी ती शक्यता जवळपास शून्यावर आणली. ते मात्र कुणी फॉरवर्ड केलं नाही. एका मेसेजात म्हटलं होतं, मंगळ-गुरूच्या मध्ये दगडांची इतकी दाटी आहे की एखादा निसटणारच.

दाटी कसली? १९७२-७३मध्ये पायोनियर १० हे यान तिथून सुखरूप पार झालं. मंगळ-गुरूमधल्या या अख्ख्या लघुग्रह पट्ट्याचं वस्तुमान चंद्राच्या ४ टक्केही नाही, आणि त्यातलाही तिसऱ्या हिश्शाहून जास्त वाटा त्यातल्या सर्वांत मोठ्या गोळ्याचा, एकट्या सेरेसचा.

दगड निसटतात ते गुरूच्या ठेक्यामुळे. १८६६मध्ये खगोलशास्त्रज्ञ डॅनियल कर्कवुड यांनी दाखवलं की सूर्यापासून ठरावीक अंतरांवर लघुग्रह जवळपास नाहीतच. अशीच एक रिकामी गल्ली अडीच खगोलीय एककांवर आहे, म्हणजे पृथ्वी-सूर्य अंतराच्या अडीचपट. तिथला दगड ३.९५ वर्षांत सूर्याभोवती फिरेल. गुरूला लागतात ११.८६ वर्षं. गुरूच्या एका फेरीत दगडाच्या बरोबर तीन. त्यामुळे दोघं जवळ येतात ते पुन्हा पुन्हा त्याच दोन जागी, आणि ओढ बसते तीही तशीच. सिद्धेश्वर यात्रेत नंदीध्वज पेलणाऱ्याची पावलं काठीच्या डोलण्याशी जुळली, तर प्रत्येक पावलागणिक डोल वाढत जाईल, तसंच हे. एरवी गुरूची ओढ कधी पुढून, कधी मागून बसते आणि फिटून जाते. इथे ती साठते.

१९८२मध्ये शास्त्रज्ञ जॅक विस्डम यांनी गणिताने दाखवलं की अशी कक्षा लाखो वर्षं शांत राहू शकते आणि मग अचानक तिची उत्केंद्रता, म्हणजे लांबोळकेपणा, ०.३च्या वर उसळी घेते. मग दगड मंगळाची वाट ओलांडू लागतो, आणि मंगळाच्या एखाद्या हिसक्याने पृथ्वीच्या बाजूलाही वळू शकतो. पट्ट्याच्या आतल्या काठाला शनीचाही एक अनुनाद, म्हणजे ठेका जुळणं, आहे. साडेसाती बघायचीच तर तिथल्या दगडांची बघावी. आपल्या कुंडलीशी शनीला काही देणंघेणं नाही.

नेपच्यूनपाशी मात्र असाच ठेका तारक ठरतो. नेपच्यूनच्या तीन फेऱ्यांत (एक फेरी १६५ वर्षांची) प्लुटोच्या दोन होतात. १९७९ ते १९९९ प्लुटो नेपच्यूनपेक्षा सूर्याच्या जवळ होता, तरी टकरीची भीती नव्हती. दोघं एका रेषेत येतात तेव्हा प्लुटो नेहमी कक्षेच्या दूरच्या टोकाकडे असतो, त्यामुळे त्यांच्यातलं अंतर सुमारे १७ एककांपेक्षा कमी होतच नाही. नेपच्यूनपलीकडच्या कायपर पट्ट्यातले कितीतरी बर्फाळ गोळे याच ठेक्यात अडकलेत. त्यांना प्लुटिनो म्हणतात. प्लुटो या ठेक्यात अडकला कसा, याचं उत्तर भारतात जन्मलेल्या खगोलशास्त्रज्ञ रेणू मल्होत्रा यांनी १९९३मध्ये सुचवलं: नेपच्यून सूर्याच्या जवळ जन्मला, हळूहळू बाहेर सरकला आणि सरकता सरकता प्लुटोला या ठेक्यात ओढून पुढे घेऊन गेला.