पेन्शनचे खाते बदलण्यामागचा इतिहास

निवृत्तिवेतन असो, गोवा सरकारच्या दयानंद सामाजिक सुरक्षा योजनेचे पैसे असोत की दिव्यांगांचे मासिक अर्थसाहाय्य, बँक खात्याचा तपशील बदलायचा अर्ज एका पानात मावतो. जुना क्रमांक, नवा क्रमांक, आयएफएससी म्हणजे बँकेच्या शाखेचा कोड, पासबुकाच्या पहिल्या पानाची झेरॉक्स आणि सही. तरीही या एका पानापायी काणकोणपासून पेडण्यापर्यंत म्हाताऱ्या माणसांचे पैसे अडकतात आणि पणजीच्या खेपा सुरू होतात. कारकून सुस्त आहे, एवढ्या कारणाने त्याचा उलगडा होत नाही. त्या पानामागे वेगवेगळ्या काळात उभ्या राहिलेल्या तीन-चार यंत्रणा आहेत आणि एकीत केलेला बदल दुसरीला आपोआप कळत नाही.

जुन्या काळाबद्दल थोडक्यात सांगता येईल. १९६१च्या डिसेंबरात पोर्तुगीज राजवट संपली तेव्हा लिस्बनला मुख्यालय असलेल्या बँकेतल्या गोवेकरांच्या ठेवी अडकल्या. तारण ठेवलेले दागिने तर त्याआधीच समुद्रापार गेले होते, ते परत यायला १९९१ उजाडले. बँकांची घडी बसवण्यासाठी १९६२ मध्ये खास विनियम काढावा लागला, आणि आधीच्या राजवटीतल्या सरकारी नोकरांना सामावून घेण्यासाठी १९६५ मध्ये संसदेने कायदा केला. सरकारी पैसा हाती यायचा तर आधी तो येण्याची वाट शाबूत हवी, हे गोव्याच्या त्या पिढीने असे अनुभवले.

त्या काळातली सरकारी पेन्शन कोषागारातून किंवा टपाल कचेरीतून मिळे. माणूस स्वतः खिडकीशी जाई, अंगठा किंवा सही देई आणि नोटा मोजून घेई. खाते बदलण्याचा प्रश्न नव्हता, कारण बहुतेकांना खातेच लागत नव्हते. १९७६ पासून केंद्राच्या नागरी पेन्शनरांचे पैसे टप्प्याटप्प्याने सरकारी बँकांतून मिळू लागले आणि पीपीओ, म्हणजे पेन्शन अदा करण्याचा आदेश, बँकेच्या कपाटात जाऊन बसला. त्याचे दोन भाग असत. एक पेन्शनरच्या हाती, दुसरा पैसे देणाऱ्या बँकेकडे. त्याच बँकेची शाखा बदलायची तर फारशी अडचण नसे. बँकच बदलायची म्हटले की तो दुसरा भाग टपालाने प्रवासाला निघे, आणि तो नव्या शाखेत पोचेपर्यंत पेन्शनर दोन्ही शाखांत हेलपाटे घाले. मुंबईत नोकरी करून डिचोली-वाळपईला परतलेल्या कित्येकांनी याच धास्तीने वर्षानुवर्षे पेन्शन मुंबईच्या शाखेतच राहू दिली.

मग पैसा तारेवरून जाऊ लागला. एका बँकेतून दुसरीत पैसे पाठवण्याच्या इलेक्ट्रॉनिक पद्धतींपैकी आधी ईसीएस आली, २००५ च्या नोव्हेंबरात एनईएफटी आली. २०१० मध्ये बँकांना असे कळवण्यात आले की इलेक्ट्रॉनिक पद्धतीने आलेली रक्कम फक्त खाते क्रमांक पाहून जमा करता येईल, लाभार्थ्याचे नाव जुळवून पाहण्याचे बंधन नाही. क्रमांक बरोबर देण्याची जबाबदारी पैसे पाठवणाऱ्यावर आली आणि पाठवणाऱ्या कचेरीने ती ओघानेच अर्ज भरणाऱ्यावर टाकली. सत्तरी ओलांडलेल्या माणसाने बँकेचा चौदा-पंधरा आकडी क्रमांक हाताने लिहायचा, कचेरीत कोणी तरी तो संगणकावर चढवायचा, आणि एक आकडा चुकला तर पैसे भलत्याच्या खात्यात जायचे. पासबुकाची झेरॉक्स जोडायला सांगतात ती यासाठी.

या सगळ्यावर जो निर्णय येऊन पडला, तो २०१३ पासूनचा आणि सर्वांत वादाचा. १ जानेवारी २०१३ पासून थेट लाभ हस्तांतरण सुरू झाले. त्याच वर्षी १ जूनला गॅसचे अनुदान थेट खात्यात देण्याची योजना देशातल्या मोजक्या जिल्ह्यांत लागू झाली आणि त्यांत उत्तर गोवा होता. बार्देश, तिसवाडी, फोंडा, सत्तरी इथल्या घरांनी इतरांच्या आधी आधार क्रमांक बँकेला दिला. योजना २०१४च्या सुरुवातीला थांबली, वर्षअखेरीस पुन्हा आली आणि १ जानेवारी २०१५ पासून देशभर झाली. मधल्या काळात अनेकांनी आधार एका बँकेत दिला, मग दुसरीत दिला, कारण प्रत्येक बँक तो मागत होती. गॅस एजन्सीजवळची शाखा एक, पंचायतीजवळची दुसरी, जनधनचे खाते तिसरीकडे.

आता यातली मेख पाहा. आधारवरून पैसे पाठवायचे तेव्हा सरकार खाते क्रमांक पाठवतच नाही. फक्त आधार क्रमांक आणि रक्कम पाठवते. मधल्या राष्ट्रीय यंत्रणेकडे एक तक्ता असतो, त्याला मॅपर म्हणतात. त्यात एका आधार क्रमांकासमोर एकाच बँकेची ओळख असते, खाते क्रमांक तिथेही नसतो. ज्या बँकेने शेवटी नोंद केली, तिच्याकडे रक्कम जाते आणि ती बँक आपल्याकडच्या जोडलेल्या खात्यात भरते. म्हणजे कचेरीत जाऊन नवा खाते क्रमांक दिला, शिक्का मारून पोच घेतली, तरी रक्कम आधारवरून जात असेल तर त्या अर्जाचा काडीचाही उपयोग नाही. तिथे बँकेत जाऊन मॅपरमधली नोंद बदलून घ्यावी लागते. उलट रक्कम खाते क्रमांकावरून जात असेल, तर बँकेत आधार कितीही वेळा जोडा, पैसे जुन्याच खात्यात पडत राहतील. आपले पैसे कोणत्या वाटेने येतात हे लाभार्थ्याला कोणी सांगत नाही. खिडकीवर ‘आधार लिंक करून घ्या’ एवढेच सांगतात. खात्याला आधार जोडणे आणि मॅपरमध्ये ती बँक नोंदवणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि पहिली झाली म्हणजे दुसरी झाली असे नसते.

याचे परिणाम २०१७च्या अखेरीस देशाने पाहिले. एका मोबाइल कंपनीच्या पेमेंट्स बँकेत, सिमकार्डासाठी आधार पडताळणी करून घेताना, ग्राहकांच्या नकळत खाती उघडली गेली. शेवटची नोंद त्या बँकेची झाली, म्हणून लाखो घरांचे गॅस अनुदान तिकडे वळले. लोकांना त्या खात्यांचा पत्ताही नव्हता. डिसेंबरमध्ये त्या बँकेची आधार पडताळणी थांबवण्यात आली, पैसे परत करायला लावले, पुढे दंडही झाला. त्यानंतर नोंद बदलण्यापूर्वी ग्राहकाची स्पष्ट संमती घेण्याची आणि त्याला कळवण्याची अट घट्ट झाली. गळती रोखली जाते, बनावट लाभार्थी गळतात, हा आधारच्या बाजूचा युक्तिवाद खोटा नाही. एका माणसाच्या नावे दोन ठिकाणी मदत जाणे यामुळे अवघड झाले हे मान्य करायला हवे. पण पैसे कोणत्या खात्यात जावेत हे लाभार्थ्याच्या सहीने ठरण्याऐवजी कोणत्या बँकेने शेवटी नोंद केली यावर ठरू लागले, ही किंमत फार मोठी होती. ती किंमत कमी शिकलेल्यांनी आणि अंथरुणाला खिळलेल्यांनी मोजली.

सर्वोच्च न्यायालयाने २६ सप्टेंबर २०१८ च्या निकालात या गुंत्यातली एक बाजू मोकळी केली. सरकारी तिजोरीतून दिल्या जाणाऱ्या कल्याणकारी लाभांसाठी आधार मागता येईल हे कलम बहुमताने टिकले, मात्र सरकारी नोकराने सेवा करून कमावलेली पेन्शन त्या कलमात बसत नाही असे त्याच बहुमताने नोंदवले. बँक खात्याला सक्तीने आधार जोडण्याचा नियमही रद्द ठरला. पेन्शन ही मेहेरबानी नसून हक्क आहे, हे तर याच न्यायालयाच्या १७ डिसेंबर १९८२ च्या निकालापासून पेन्शनरांना पाठ आहे. याचा दुसरा अर्थ असा की निवृत्त शिक्षकाच्या पेन्शनला जे संरक्षण मिळाले, ते शेजारच्या घरातल्या निराधार विधवेच्या मदतीला मिळाले नाही. नवे शतक उजाडले तेव्हा राज्याने पहिले मुख्यमंत्री दयानंद बांदोडकर यांच्या नावे ही सामाजिक सुरक्षा योजना आणली. तिच्यात ज्येष्ठांना आता महिन्याला २,००० रुपये मिळतात. दिव्यांगांना त्याच योजनेतून मदत मिळते. केंद्राच्या राष्ट्रीय सामाजिक साहाय्य कार्यक्रमातला वाटा तर साठीनंतर २०० आणि ऐंशीनंतर ५०० रुपये. एवढ्या रकमेवर औषधपाणी चालवणाऱ्याला खात्याची चूक सर्वांत जास्त भोवते, आणि कायद्याचे कवच त्यालाच सर्वांत पातळ मिळाले आहे.

खाते बदलण्याची इच्छा नसतानाही ते बदलावे लागले, असा काळ २०१९ नंतर आला. सरकारी बँकांचे विलीनीकरण झाले. मणिपाल आणि मंगळूरला मुख्यालये असलेल्या ज्या दोन बँकांच्या शाखा गोव्याच्या गावागावांत होत्या, त्या १ एप्रिल २०२० ला दुसऱ्या बँकांत मिसळल्या. पाटी बदलली, पासबुक बदलले आणि पुढच्या वर्षी जुने आयएफएससीही बंद झाले. मणिपालच्या बँकेचे जुने कोड ३० जून २०२१ पर्यंतच चालणार होते, तेही कोविडच्या दुसऱ्या लाटेनंतर, म्हातारी माणसे घराबाहेर पडायला घाबरत असताना. सरकारी कचेरीच्या यादीत जुना कोड राहिला तर रक्कम परत फिरण्याचा धोका होता. बँका एकत्र करण्याचा निर्णय वरचा, पण नवा कोड कळवण्याचे काम मात्र खातेदाराचे ठरले. त्याच सुमारास म्हापसा आणि मडगाव इथल्या दोन नागरी सहकारी बँका बुडाल्या. म्हापशाच्या बँकेवर २०१५ मध्ये निर्बंध आले आणि २०२० मध्ये परवाना गेला, मडगावच्या बँकेचे तेच २०१९ आणि २०२१ मध्ये झाले. निर्बंध आलेल्या बँकेत पैसे जमा होतात पण हवे तेवढे काढता येत नाहीत, म्हणून अशा खात्यात मदत येत असलेल्याला तातडीने दुसरे खाते दाखवण्यावाचून गत्यंतर नसते.

गोव्याची म्हणून खास अडचण आहे ती नावांची. जन्मनोंद पोर्तुगीज धाटणीची, त्यात आडनाव सिनाय किंवा पोरोब, शाळेच्या दाखल्यावर तेच शेणवी किंवा प्रभू, आणि आधारवर इंग्रजी स्पेलिंग तिसरेच. देसाईत ‘एस’ एक की दोन, नाईकच्या शेवटी ‘के’ की ‘क्यू-यू-ई’, यावरून खात्याची पडताळणी नापास होऊ शकते. कारण पैसे भरताना बँक नाव पाहात नसली, तरी पैसे पाठवण्यापूर्वी सरकारी प्रणाली खात्यावरचे नाव मागवून यादीशी ताडून बघते. बायकांचे हाल अधिक. माहेरची सुमन लग्नात सुलभा झाली, आडनावही बदलले. जन्मदाखला एका नावाचा, मतदार ओळखपत्र दुसऱ्या नावाचे, पासबुक नवऱ्याच्या नावासह. नाव-आडनाव बदलण्यासाठी राज्यात १९९० चा स्वतंत्र कायदा आहे, पण पंचाहत्तरीच्या बाईने महिन्याच्या दोन हजारांसाठी त्या वाटेने जावे ही अपेक्षाच बरोबर नाही. दोन्ही नावे एकाच व्यक्तीची असल्याच्या प्रतिज्ञापत्रावर भागवणे हाच माणुसकीचा व्यवहार आहे.

दिव्यांगांच्या बाबतीत आणखी एक टप्पा येतो, त्याबद्दल पालकांना सहसा आधी कोणी सावध करत नाही. बौद्धिक अपंगत्व असलेल्या मुलाचे खाते आई-वडील चालवतात. मूल अठराचे झाले की कायद्याने ते सज्ञान, खाते त्याच्या सहीने चालायला हवे, आणि सही तर त्याला करता येत नाही. खाते गोठते, अर्थसाहाय्य जमा होत राहते किंवा परत जाते. १९९९ च्या राष्ट्रीय न्यास कायद्याखाली स्वमग्नता, सेरेब्रल पाल्सी, बौद्धिक अपंगत्व आणि बहुविकलांगता असलेल्यांसाठी जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालची स्थानिक समिती कायदेशीर पालकाचे प्रमाणपत्र देते, आणि ते ग्राह्य धरावे असे बँकांना २००७ मध्येच कळवलेले आहे. तरी शाखेच्या काउंटरवर ते प्रमाणपत्र पहिल्यांदाच पाहणारा अधिकारी भेटतो. मूल सतराचे असतानाच समितीकडे चौकशी करून कागदपत्रे तयार ठेवली तर मधले रिकामे महिने टळण्याची शक्यता वाढते.

हयातीचा दाखला आणि खाते बदलणे यांची गल्लत नेहमी होते. दाखला दिला नाही म्हणून थांबलेली पेन्शन खाते बदलून सुरू होत नाही. २०१४ च्या नोव्हेंबरात डिजिटल दाखला आला, २०१९ पासून केंद्राच्या ऐंशीपुढच्या पेन्शनरांना ऑक्टोबरपासूनच दाखला देण्याची मुभा मिळाली, २०२० मध्ये पोस्टमन घरी येऊन तो घेऊ लागला, २०२१ मध्ये चेहऱ्यावरून ओळख पटू लागली. काजूच्या बियांनी आणि शेतकामाने बोटांचे ठसे झिजलेल्यांना ही शेवटची सोय फार उपयोगी पडली. कुटुंब निवृत्तिवेतनातही एक चांगला बदल झाला. पूर्वी नवरा वारल्यावर बायकोला नवे खाते उघडावे लागे, आता केंद्राच्या पेन्शनमध्ये दोघांचे संयुक्त खाते असेल तर त्याच खात्यात पैसे चालू राहतात. असे संयुक्त खाते सोयीचे आहे, सक्तीचे नाही, हा खुलासा २०२१ मध्ये झाला.

२०२५ मध्ये दोन गोष्टी सुटल्या. १ जानेवारीपासून खासगी आस्थापनांतून निवृत्त झालेल्यांच्या १९९५ च्या पेन्शन योजनेत केंद्रीकृत वाटप सुरू झाले, त्यामुळे देशातल्या कोणत्याही बँकेच्या कोणत्याही शाखेतून पैसे घेता येतात आणि बँक बदलली तरी पीपीओ या कचेरीतून त्या कचेरीत धाडावा लागत नाही. वेर्णा-कुंडईच्या कारखान्यांतून निवृत्त होऊन गावी गेलेल्यांना याचा थेट लाभ आहे. आणि १ एप्रिलपर्यंत एनईएफटीने पैसे पाठवण्यापूर्वी खातेदाराचे नाव दाखवणारी सोय देण्यास बँकांना सांगण्यात आले. २०१० मध्ये जे नाव बाजूला पडले होते ते पंधरा वर्षांनी पडद्यावर परत आले. मात्र आधारच्या वाटेने जाणाऱ्या रकमेला या सोयीचा उपयोग नाही, कारण तिथे खाते क्रमांक टाकलाच जात नाही. त्या वाटेवर आपली बँक कोणती नोंदली आहे हे आधारच्या संकेतस्थळावर ओटीपी टाकून पाहता येते, पण त्यासाठी आधारला जोडलेला मोबाइल चालू लागतो. खाते बदलण्याच्या अर्जाची पोच देतानाच ‘तुमचे पैसे खाते क्रमांकावरून येतात’ किंवा ‘आधारवरून येतात’ ही एक ओळ लिहून दिली, तर निम्म्या खेपा वाचतील. त्यासाठी नवा कायदा लागत नाही, खर्चही नाही.