'एकेचाळिसावा': पार्श्वभूमी एका चुकलेल्या नेमाची

१९२७ सालच्या या सोव्हिएत मूकपटाचं नाव म्हणजे एक हिशेब आहे. बोल्शेविकांच्या लाल सैन्यातली मर्यूत्का ही कोळ्यांची पोर, पक्की नेमबाज. तिने टिपलेले शत्रू चाळीस. एकेचाळिसावी गोळी ती झाडते बोल्शेविकविरोधी 'पांढऱ्या' सैन्यातल्या लेफ्टनंट गोवोरुखा-ओत्रोकवर, आणि नेमका तिथेच नेम चुकतो.

मूळ कथा बोरिस लाव्रेन्योव्हची, १९२४ची. लाव्रेन्योव्ह आधी झारच्या सैन्यात अधिकारी होता, क्रांतीनंतरच्या यादवी युद्धात लाल सैन्याबरोबर मध्य आशियातल्या तुर्कस्तानात गेला. दोन्हीकडची माणसं त्याने जवळून पाहिलेली. त्याच्या कथेतला लेफ्टनंट कोल्चाकचा निरोप डेनिकिनकडे घेऊन निघालाय (दोघेही 'पांढऱ्यां'चे सेनानी), तोही तोंडी. म्हणून पकडल्यावर लाल सैन्याला तो जिवंतच हवा. त्याला मुख्यालयात पोहोचवताना अरल समुद्रात होडी फुटते आणि बार्साकेल्मेस बेटावर तो आणि मर्यूत्का दोघंच उरतात. बेटाच्या नावाचा अर्थ 'गेलास तर परतणार नाहीस'. (अरल आटल्यामुळे ते आता बेटही राहिलेलं नाही.) मर्यूत्का कविता करते, वेड्यावाकड्या, पण जीव ओतून. लेफ्टनंटला विडी वळायला कागद नाही, तर ती आपल्या कवितांचाच कागद पुढे करते. प्रेमाची याहून सरळ कबुली मला आठवत नाही.

दिग्दर्शक याकोव प्रोताझानोव्ह झारच्या काळातलं मोठं नाव. क्रांतीनंतर त्याने देश सोडला, पॅरिस-बर्लिनमध्ये चित्रपट केले आणि १९२३मध्ये परतला. एक पाय इकडे, एक तिकडे, हे त्याला कुणी शिकवायची गरज नव्हती. त्याचा मेझराबपोम-रूस स्टुडिओही तसाच: खासगी कंपनी आणि आंतरराष्ट्रीय कामगार मदत संघटना यांची भागीदारी. तिकीटबारीवरही नजर, पक्षावरही. त्यामुळे इथला 'पांढरा' अधिकारी मिशा पिळणारा खलनायक नाही. इव्हान कोवाल-साम्बोर्स्कीने तो देखणा आणि सुसंस्कृत उभा केलाय. मर्यूत्का झालेली आदा वोइत्सिक पुढे १९३६च्या 'पक्षाचं कार्ड' या चित्रपटातही नवरा की पक्ष याच पेचात सापडली.

१९५६मध्ये, स्टालिननंतरच्या मोकळ्या हवेत, ग्रिगोरी चुख्राईने हीच कथा रंगीत केली. पुढच्या वर्षी कान महोत्सवात तिला विशेष पुरस्कार मिळाला. शेवट तोच ठेवला: क्षितिजावर नाव दिसते, 'पांढऱ्यां'ची. लेफ्टनंट तिकडे धावत सुटतो. मर्यूत्का बंदूक उचलते, या वेळी नेम चुकत नाही, आणि पाण्यात पडलेल्या त्या निळ्या डोळ्यांच्या माणसाला कवटाळून ती हंबरडा फोडते.