घाडी आणि भगत: दोघांना एकच समजू नका

कोकणातल्या जत्रेला आलेले पाहुणे देवळासमोर नारळ ठेवून मोठ्याने बोलणाऱ्या माणसाकडे बघतात आणि हमखास विचारतात, ‘हा मांत्रिक का?’ तो मांत्रिक नव्हे, गावचा घाडी. मात्र ज्याच्याकडे माणसं तिन्हीसांजेला, शेजाऱ्याला कळू न देता ‘बघून घ्यायला’ जातात, तो भगत. नारळ, तांदूळ, अंगारा दोघांकडेही असतो आणि दोघांकडे माणूस आपलं भलं व्हावं म्हणूनच जातो. त्यामुळे गल्लत होते.

घाडीपण घराण्यात चालत येतं. गुरव, मानकरी यांच्यासारखंच तेही गावरहाटीतलं, म्हणजे देवळाभोवती चालणाऱ्या गावच्या रीतीतलं, काम आहे. घाडी गाऱ्हाणं घालतो ते ग्रामदेवतेपुढे, भर लोकांत. एकेका मागणीला जमलेले सगळे ‘व्हय म्हाराजा’ म्हणत राहतात. शेतीभाती, गुरंढोरं, पोटासाठी मुंबईला गेलेली लेकरं, सगळ्यांची राखण त्यात मागितलेली असते. करणीचा उल्लेखही येतो: कोणी करणी-कवटाळ केली असेल तर ती दूर कर, म्हाराजा. मला यातला ‘कोणी’ फार मोलाचा वाटतो. भीती बोलून दाखवली जाते, पण बोट कुणाकडेच रोखलं जात नाही. घाडी स्वतःच्या अंगच्या शक्तीचा दावाही करत नाही. तो गावाच्या वतीने बोलणारा वकील आहे. कौलसुद्धा, म्हणजे होय की नाही हे विचारणंही, देवालाच लावलेलं असतं. मूर्तीला चिकटवलेली पाकळी उजवीकडून पडली की डावीकडून, ते सगळ्यांना दिसतं.

भगताचं सगळं त्याच्या नावलौकिकावर चालतं. तो तांदूळ बघतो, अंगात वारं घेतो, उतारा सांगतो, हरवलेली वस्तू कुठल्या दिशेला आहे ते सांगतो. मूल रात्रभर रडतं, गाय दूध देत नाही, अशी गाऱ्हाणी घेऊन आलेल्या बाईला तो धीर देतो, आणि हा धीर खोटा असतो असं मी म्हणणार नाही. पण समोरचा माणूस विचारतोच, ‘केलं कोणी?’ भगताने नाव घेतलं, निदान ‘उत्तरेकडच्या घरातली बाई’ म्हटलं, की वाडीत एक घर वाळीत पडतं.

युरोपात ज्यांना पांढरी जादू करणारे म्हणतात, ते या भगताच्या जवळचे. इंग्लंडच्या खेड्यांत असे जाणते स्त्री-पुरुष एकोणिसाव्या शतकातही होते. ते आजारावर उतारे देत, चोर शोधून देत आणि चेटूक कोणी केलं तेही सांगत. म्हणजे चेटकिणीच्या भीतीवरच त्यांचाही धंदा उभा होता. 1735 च्या ब्रिटिश कायद्याने चेटूक हा गुन्हा मानणंच सोडलं. त्याऐवजी आपल्याकडे अशी शक्ती आहे असं भासवणाऱ्याला वर्षभराची कैद ठेवली. भलं करणारा आणि वाईट करणारा असा भेद त्यात उरला नाही.

आपल्याकडे काही गावांत एकच माणूस देवळात घाडी आणि घरी भगत असतो, हेही खरं. तेव्हा माणसापेक्षा त्या वेळी तो काय करतो आहे, ते बघावं लागतं.

महाराष्ट्राचा 2013 चा जादूटोणाविरोधी कायदा तेच बघतो. यात्रा, कीर्तन, पूजा यांना त्याने हात लावलेला नाही. एखादी व्यक्ती करणी करते असं सांगून तिचं जगणं मुश्कील करणं मात्र गुन्हा आहे; शिक्षा 6 महिन्यांपासून 7 वर्षांपर्यंत. साप, विंचू किंवा कुत्रा चावलेल्याला औषधोपचारापासून रोखून मंत्र घालणं हाही गुन्हा. कोकणात हे कलम फार महत्त्वाचं आहे, कारण इथला लाल विंचू जीव घेऊ शकतो. डॉ. हिंमतराव बावस्करांनी महाडच्या परिसरात प्राझोसिन हे रक्तदाबाचं औषध वापरून या दंशाचे कितीतरी रुग्ण वाचवले. तेव्हा विंचू चावला तर आधी दवाखाना गाठा. आणि वाडीतल्या कुणा बाईचं नाव करणीसाठी घेतलं गेलं, तर ती बाई एकटी पडायच्या आत पोलीस ठाण्यात तक्रार द्या.