स्तरीकरण अर्थशास्त्र

वंश, जात यांसारख्या गटांमधील आर्थिक दरी का टिकून राहते, याचा शोध घेणारी अर्थशास्त्राची शाखा. हे नाव तिला अमेरिकेतील ड्यूक विद्यापीठाचे कृष्णवर्णीय अर्थतज्ज्ञ विल्यम डॅरिटी (जन्म १९५३) यांनी २००५ मध्ये दिले. मागे राहिलेल्या गटाच्या सवयींत आणि घरच्या वळणातच खोट शोधायची, ही जुनी रीत या शाखेला मान्य नाही. वरचढ गटाला आपले स्थान राखण्यात रोकडा फायदा असतो, म्हणून भेदभाव टिकतो, असे तिचे म्हणणे. भेदभाव करणारा मालक बाजारातील स्पर्धेत आपोआप मागे पडेल, ही अमेरिकी अर्थतज्ज्ञ गॅरी बेकर यांच्या मांडणीतून निघालेली आशा डॅरिटींना भाबडी वाटते.

त्यांचा भर पगारापेक्षा संपत्तीवर, म्हणजे घर, जमीन, ठेवी, शेअर यांतून कर्ज वजा जाता जे उरते त्यावर. अमेरिकेची मध्यवर्ती बँक असलेल्या फेडरल रिझर्व्हच्या २०२२ च्या पाहणीत मधल्या (संपत्तीच्या क्रमाने लावल्यास बरोबर मध्यभागी येणाऱ्या) गोऱ्या कुटुंबाकडे सुमारे २,८५,००० डॉलर होते, तर मधल्या कृष्णवर्णीय कुटुंबाकडे ४४,९००. उत्पन्नातली तफावत इतकी मोठी नाही. शिकून ही दरी बुजत नाही: शाळा अर्धवट सोडलेल्या गोऱ्याच्या घरातही पदवीधर कृष्णवर्णीयाच्या घरापेक्षा जास्त संपत्ती असते, असे डॅरिटी व सहकाऱ्यांना आढळले.

मग ही संपत्ती आली कुठून? बरीचशी सरकारकडून. १८६२ च्या कायद्याने पश्चिमेकडे १६० एकरांपर्यंतची शेते वाटली गेली आणि ती मुख्यतः गोऱ्यांच्या पदरात पडली. जानेवारी १८६५ मध्ये, यादवी युद्धाच्या अखेरीस, उत्तरेच्या सैन्याचे जनरल शर्मन यांच्या आदेशाने मुक्त गुलामांना ४० एकरांपर्यंतचे तुकडे देऊ केले होते. ते अध्यक्ष अँड्र्यू जॉन्सन यांनी त्याच वर्षी जुन्या मळेवाल्यांना परत केले. १९३० च्या दशकात सरकारी नकाशांत कृष्णवर्णीय वस्त्या लाल रंगाने ‘धोक्याच्या’ दाखवल्या गेल्या. तिथल्या गृहकर्जाला सरकारी हमी मिळणे दुरापास्त झाले.

अर्थतज्ज्ञ डॅरिक हॅमिल्टन यांच्यासह डॅरिटींनी २०१० मध्ये जन्मतः मुलाच्या नावे सरकारी ठेव ठेवण्याची योजना मांडली. कनेक्टिकट राज्याने ती २०२१ मध्ये कायद्यात आणली. १ जुलै २०२३ पासून तिथे गरीब घरांत जन्मणाऱ्या बाळामागे ३,२०० डॉलर गुंतवले जातात. एवढ्याने दरी मिटणार नाही, हे डॅरिटी स्वतःच सांगतात. त्यांची खरी मागणी गुलामांच्या वंशजांना नुकसानभरपाई देण्याची, आणि तीही गोऱ्या व कृष्णवर्णीय कुटुंबांच्या सरासरी संपत्तीतील फरकाएवढी: २०१९ च्या आकड्यांनुसार कुटुंबामागे ८,४०,९०० डॉलर. सरासरीऐवजी मध्यक, म्हणजे मधल्या कुटुंबाची संपत्ती, धरला तर रक्कम कितीतरी घटते, तेव्हा हा वाद नुसता आकडेमोडीचा नाही. लेखिका ए. कर्स्टन मलन यांच्यासोबत त्यांनी या भरपाईच्या पात्रतेच्या दोन अटी घातल्या आहेत: पूर्वज अमेरिकेत गुलाम असावा, आणि भरपाईची योजना लागू होण्याआधी किमान १२ वर्षे अर्जदाराने स्वतःची नोंद कृष्णवर्णीय म्हणून केलेली असावी. दुसरी अट आयत्या वेळी रांगेत घुसणाऱ्यांना रोखण्यासाठी, हे उघड आहे.

भारतातील जातीय विषमतेच्या अभ्यासाशीही डॅरिटींचा संबंध आहे. भारतीय अर्थतज्ज्ञ अश्विनी देशपांडे यांच्यासह त्यांनी गटागटांतील विषमतेवरील देशोदेशींच्या अभ्यासांचा संग्रह २००३ मध्ये संपादित केला. महाराष्ट्रातले अर्थतज्ज्ञ सुखदेव थोरात यांनी अमेरिकेतील समाजशास्त्रज्ञ पॉल ॲटवेल यांच्याबरोबर २००७ मध्ये प्रसिद्ध केलेली पाहणी याच वाटेवरची. सारख्याच पात्रतेचे अर्ज खासगी कंपन्यांना पाठवले, तेव्हा दलित आडनावांना मुलाखतीची बोलावणी कमी आली.